मुरलेली चौकी

मयताच्या घरी भेटायला गेलेला माणूस मेलेल्याची खुर्ची मागतो का हो? मला हे कोणी सांगितलं असतं तर मी त्याला वेड्यात काढलं असतं. पण मी शेजारीच बसले होते. आमच्या एका कॅमेरामनचे वडील गेले होते म्हणून युनिटमधले आम्ही चारपाच जण गिरगावात त्याच्या घरी गेलो होतो. सगळे माना खाली घालून गप्प. आणि आमच्या काकांची नजर कोपऱ्यातल्या आरामखुर्चीवर. हातांवरचं पॉलिश उडून लाकूड गुळगुळीत झालेलं, डोकं टेकायच्या जागी तेलाचा काळपट डाग. काका उठले. मला वाटलं, फोटोला नमस्कार करायला चाललेत. ते सरळ खुर्चीपाशी गेले, तो डाग बोटानं चाचपला आणि कॅमेरामनच्या आईला म्हणाले, "वहिनी, ही आता कोणी वापरणार आहे का?"

मी तर मेलेच. जमीन दुभंगावी असं वाटलं. कॅमेरामनच्या कपाळावरची शीर उडायला लागली. ती बाई काकांकडे बघतच राहिली, मग पदरानं डोळे पुसले आणि काय म्हणाली असेल? "न्या. त्यांना सिनेमात जायचंच होतं आयुष्यभर. खुर्ची तरी जाऊ दे." काका खुर्ची डोक्यावर घेऊन जिना उतरले, आणि आम्ही मागून चपला शोधत धावलो.

काका म्हणजे माझे सख्खे काका नव्हेत. ते प्रॉडक्शन डिझायनर. पडद्यावर तुम्हाला जे घर दिसतं, कोर्ट दिसतं, इस्पितळ दिसतं, ते प्लायवूडचं उभं करणारा माणूस. 'सर' म्हटलेलं त्यांना खपायचं नाही. "मी काय शाळा काढलीय?" म्हणायचे. लालबागचे, मूळचे मालवणकडचे. पोरवयात मंडळाच्या गणपतीची सजावट करता करता सिनेमात शिरले. मी काळाचौकीची, चित्रकलेचं शिक्षण घेऊन बाहेर पडले नि त्यांच्या हाताखाली असिस्टंट म्हणून लागले. लागल्या दिवसापासून मी धक्केच खात आलेय. आजही त्यातला एक धक्का उतरलेला नाही, तोच सांगायला बसलेय, पण आधी माणूस कळला पाहिजे.

मी रंगवलेली पहिली भिंत चाळीतल्या खोलीची होती. हिरवा ऑइलपेंट, वर चुना, मध्ये पट्टी, सगळं जीव ओतून केलं. काका आले, हातात कटिंग चहा. भिंतीकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं आणि ग्लास भिंतीवर रिकामा केला. मला रडूच फुटलं. तर हे म्हणतात, "रडतस कित्याक गो? आता बघ, कोणीतरी ऱ्हवता असा वाटता." मी रागानं बघितलं. आणि कपाळ माझं, खरंच तिथे कोणीतरी राहतंय असं वाटत होतं.

सेट बांधून झाला की लगेच शूटिंग करायचं नाही, हा त्यांचा हट्ट. "लोणचं घातलं की त्याच दिवशी पानात वाढतेस काय? मुरू दे." मुरू दे म्हणजे काय, तर सेटवर माणसं राहायला पाहिजेत. खुर्च्यांवर बसायला पाहिजे, नळाखाली शेवाळ धरायला पाहिजे. स्वयंपाकघराचा सेट होता तेव्हा त्यांनी तिथे स्टोव्ह लावून आठवडाभर बोंबील तळले. भिंती काय मस्त पिवळ्या पडल्या! पण आमचा हीरो होता पक्का शाकाहारी. पहिल्याच शॉटला तो तोंड धरून बाहेर पळाला तो व्हॅनिटी व्हॅनमध्ये जाऊन बसला. निर्मात्यानं काकांना चार शिव्या दिल्या. काकांवर ढिम्म परिणाम नाही.

त्यांचा एक गुरू होता. तरुणपणी कुठलंसं झेक युनिट मुंबईत शूटिंगला आलं होतं, त्यांच्या म्हाताऱ्या डिझायनरच्या हाताखाली काकांनी सामान उचलायचं काम केलं. तेव्हापासून 'आमचो प्रागवालो' त्यांच्या तोंडात. "प्रागवालो म्हणायचो, घराक घरपण डागान येता." मी एकदा विचारलं, "काका, प्रागचा माणूस मालवणी बोलायचा का?" तर म्हणाले, "तुका काय कळता? चांगला काम सगळ्या भाषेत सारख्याच ऐकाक येता." पुढे म्हणे त्या म्हाताऱ्यानं डिझाइन सोडलं आणि तो प्रॉडक्शन मॅनेजर झाला. गाड्या, जेवणं, परवानग्या बघणारा. हे सांगताना काका असं तोंड करायचे, जसा काही तो म्हातारा दारूला लागला.

एकदा आमच्या घरी आले. दारातून आत येताच भिंतीवरच्या बुद्धांच्या आणि बाबासाहेबांच्या फोटोंना हात जोडले, आईला "जय भीम, ताई" म्हणाले आणि तडक मोरीशेजारच्या मांडणीपाशी जाऊन उकिडवे बसले. मांडणीला वर्षानुवर्षांची काजळी. आईला वाटलं, पाहुण्याला चक्कर आली. तर हे म्हणतात, "ताई, ही द्या मला, नवी घेऊन देतो." आईनं दिली. नवी आली ती हलते, त्यावरून आई अजून बडबडते. ते गेल्यावर आई मला म्हणाली, "माणूस वाईट नाही गं. पण त्याला माणूस दिसत नाही, माणसाचे डाग दिसतात." मला तेव्हा आईचा रागच आला होता.

आता काका प्रॉडक्शन मॅनेजर आहेत. हो, तेच काम, ज्याला ते नाक मुरडायचे. सिनेमाच्या लाइनमधली नवी पोरं मला विचारतात, अगं एवढा कसलेला हात असलेला माणूस, हा जेवणाचे डबे आणि गाड्या मोजत का बसलाय? काहीजण म्हणतात डोळे गेले, काहीजण म्हणतात निर्मात्याशी भांडण झालं. सगळं खोटं. काय झालं ते मी बघितलंय.

परळला एका बंद पडलेल्या गोदामात आम्ही पोलीस चौकीचा सेट लावला होता. वेब सिरीज होती, अर्ध्याहून जास्त गोष्ट त्या चौकीतच घडायची. गोदामाचं शटर सरळ रस्त्यावर उघडायचं, म्हणून काकांनी दर्शनी भाग रस्त्याच्या बाजूनंच केला. पायऱ्या, निळ्या पट्ट्याची भिंत, वर पाटी. काय पाटी होती! एका कोपऱ्यात गंज, एका अक्षराचा रंग उडालेला. मी रोज त्या रस्त्यानं येणारी बाई, पण मलासुद्धा वाटायचं, ही चौकी इथे आधीपासूनच होती की काय.

आता नियम असा असतो, की शूटिंग नसेल तेव्हा असली पाटी झाकायची. वर्दीतल्या माणसानं रस्त्यावर फिरायचं नाही. हे लाइनमधल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. मी काळं कापड आणून ठेवलं होतं. काकांनी ते उचलून हवालदाराच्या खुर्चीच्या गादीखाली घातलं. "झाकलेल्या पाटीवर धूळ बसता काय? रस्त्याची धूळ ब्रशान मारूक येणा नाय गो." मी म्हटलं, काका, लफडं होईल. तर म्हणाले, "दोन दिवस. मुरू दे."

नुसती पाटी नव्हे, त्यांनी चौकीही मुरवायला घेतली. दोन ज्युनिअर आर्टिस्टना वर्दी चढवून दिवसभर आत बसवलं. त्यातले एक गिरगावचे म्हातारे रंगभूमीवरचे नट, काका त्यांना नटवर्य म्हणायचे. नटवर्यांना सक्त ताकीद होती: काहीही झालं तरी हवालदारच राहायचं. आणि टेबलाच्या कडा झिजाव्यात, बाकावर माणसं बसल्याच्या खुणा पडाव्यात म्हणून काका आपल्या ओळखीपाळखीचे लोक तक्रारदार बनवून पाठवायचे. लालबागची त्यांची भाजीवाली येऊन पाकीट मारल्याची तक्रार करून गेली. एकजण नळावरच्या भांडणाची रडकथा सांगून गेला. नटवर्य समोरच्या मोठ्या वहीत पेन चालवायचे, मान डोलवायचे, "बघतो, बघतो" म्हणायचे. मी आणि काका मागच्या प्लायवूडच्या फटीतून बघत उभे. नाटकच ते, फुकटचं.

दुसऱ्या दिवशी सकाळी एक मावशी आल्या. साठीच्या पुढच्या, सुती साडी, केस अर्धे विंचरलेले. आणि पायांत दोन वेगळ्या चपला, एक स्वतःची, एक पुरुषी. मी मनात म्हटलं, वा काका, मानलं तुम्हाला, चपलांपर्यंत विचार!

मावशी बाकावर बसल्या नाहीत. टेबलाची कड धरून म्हणाल्या, "साहेब, आमचे हे हरवलेत हो."

"बसा बाई. पाणी घ्या," नटवर्य म्हणाले. काय आवाज लावला होता! "केव्हापासून?"

"मी दूध आणायला खाली गेले, येते तर दार उघडं. त्यांना काही आठवत नाही हो अलीकडे. स्वतःचं नाव सांगतात, पत्ता जुन्या चाळीचा सांगतात. चाळ तर पाडली. चाळीत असताना चारदा निघाले होते, चारदा लोकांनी जिन्यातच धरून आणलं. इथे टॉवरमध्ये कोण कोणाला ओळखतंय?"

नटवर्यांनी वहीत लिहिलं. वय विचारलं, कपडे विचारले. मावशी हुंदक्यांतून सांगत होत्या, फटीपाशी आम्हाला निम्मं ऐकू येत नव्हतं, नटवर्य पेन चालवत होते. शेवटी ते उठून उभे राहिले, टोपी सारखी केली आणि म्हणाले, "तुम्ही घरी जाऊन बसा. घर सोडू नका. आमची माणसं निघालीच आहेत."

मावशींनी त्यांना हात जोडले. पाणी प्यायल्या. आणि शांत होऊन निघून गेल्या.

मी कुजबुजले, "काका, ही कुठून आणलीत? काय काम करते बाई!"

काका फटीपाशीच होते. डोळ्यांत पाणी. इतका आनंद मी त्यांच्या चेहऱ्यावर कधी पाहिला नव्हता. हळूच म्हणाले, "मी नाय आणलंय."

"म्हणजे?"

"खरी हा गो. खरी! पाटी वाचून आली. माझी पाटी वाचून खरा माणूस आत आला."

मला दोन क्षण कळलंच नाही. मग कळलं तशी मी ओरडले, "अहो काका, तिचा नवरा हरवलाय!"

तो चेहरा मी विसरणार नाही. आनंद तसाच होता चेहऱ्यावर, आणि त्याच्या आतून दुसरंच काहीतरी वर येत होतं. त्यांना ती आत शिरली तेव्हाच कळलं होतं. कळलं होतं, आणि तरी ते बघत उभे राहिले. शेवटपर्यंत. माणूस असं करू शकतो? मी आजही स्वतःला हे विचारते. वाईट माणूस असता तर निदान शिव्या तरी घालता आल्या असत्या.

आम्ही रस्त्यावर धावलो. मावशी दिसेनात. परत येऊन काकांनी नटवर्यांना विचारलं, "नाव काय सांगितलं तिनं? पत्ता?" नटवर्य अजून हवालदाराच्या ऐटीतच होते. "कोण? आत्ता आली ती? कुठल्या नाटकात असते?" काकांनी त्यांच्यासमोरची वही ओढली. पानभर नुसत्या वेलांट्या. एक अक्षर नाही. नटवर्यांचा तरी काय दोष? कॅमेऱ्यासाठीची वही, त्यात कोण खरं लिहितं? पण खरं काय ते कळल्यावर त्यांनी टोपी काढून टेबलावर ठेवली.

"आठव, मेल्या, आठव!" काका ओरडत होते. नटवर्यांना मावशींचं एकही वाक्य आठवेना. स्वतःची मात्र सगळी आठवत होती. नटच तो.

आणि मग काकांनी जे केलं ते पाहून मी पुन्हा थक्क झाले. ते टेबलाची कड धरून उभे राहिले, अगदी मावशींसारखे, आणि म्हणाले, "साहेब, आमचे हे हरवलेत हो." नटवर्यांनी मान वर केली. "बसा बाई, पाणी घ्या. केव्हापासून?" आणि गाडी सुरू झाली. नटवर्य आपलं वाक्य बोलायचे, थांबायचे, आणि त्यावर ती काय म्हणाली ते आपोआप त्यांच्या तोंडून यायचं. आयुष्यभर दुसऱ्याच्या वाक्यावर आपलं वाक्य टाकायची सवय. मध्येच ते म्हणाले, "लिफ्ट बंद असली तरी जिना आहे ना बाई?" आणि स्वतःच दचकले. "लिफ्ट! लिफ्ट बंद आहे म्हणाली. त्यांचा टॉवर... करी रोडला, पुलाच्या बाजूला."

मग काकांनी फोन काढला. लोकेशन शोधून देणाऱ्या पोरांना टॉवरांचे सगळे वॉचमन ठाऊक असतात. लिफ्ट कुठे बंद आहे ते चहा संपायच्या आत कळलं.

वॉचमननं मजला सांगितला, वर चढलो. मावशींचं दार सताड उघडं. त्या दारातच स्टूल टाकून बसल्या होत्या, तोंड जिन्याकडे. शेजारची सगळी दारं बंद. नटवर्य वर्दीतच होते, धांदलीत कोणाच्या लक्षात आलं नव्हतं. त्यांना बघताच मावशी उठल्या. "आलात साहेब? सापडले?"

काकांनी हात जोडले. "मावशी, हे पोलीस नाहीत. नट आहेत. ती चौकी खोटी आहे. सिनेमासाठी मी बांधलेली."

"असं कसं? यांनी लिहून घेतलं ना."

"लिहिलं नाही मावशी. नुसत्या रेघा मारल्या."

मावशी नटवर्यांच्या पट्ट्याकडे, टोपीकडे बघत राहिल्या. मग हळू आवाजात म्हणाल्या, "मग मी इथे बसून काय करत होते?"

मला वाटलं, त्यांनी काकांच्या थोबाडीत मारावी. निदान ओरडावं. पण त्या पदर सावरून जिना उतरायला लागल्या, नवऱ्याला शोधायला.

मी त्यांना घेऊन खऱ्या पोलीस ठाण्यात गेले. तिथल्या साहेबांनी सगळं ऐकलं आणि मला असं काही झापलं की बस. बरोबरच होतं त्यांचं. तक्रार नोंदवून मावशींना हवालदाराबरोबर घरी पाठवलं आणि मला बसवून ठेवलं, जबाबासाठी. काका मात्र गोदामाच्या पायरीवर बसून फोनवर फोन करत होते. सेटवर चहापाणी बघणारे स्पॉटदादा, केटरिंगवाले, व्हॅनिटीचे ड्रायव्हर, गर्दी पुरवणारे ठेकेदार. या शहरात शूटिंगची माणसं नाहीत असा नाका नाही. मावशींनी दिलेला नवऱ्याचा फोटो सगळ्यांच्या फोनवर गेला. दुपार टळता टळता एका ड्रायव्हरचा फोन आला, सापडले म्हणून. काका एकटेच गाडी घेऊन गेले, त्या आजोबांना आणलं आणि घरी पोचवलं.

संध्याकाळी मी गोदामात गेले तर पाटी खाली उतरवलेली, आणि काका तिच्याकडे पाठ करून बसलेले. मी विचारलं, मावशी काय म्हणाल्या? "चहा घ्या म्हणाली. दारातूनच फिरलो. तिच्या घरचो चहा माझ्या घशाखाली जाईत काय गो?"

सिरीज कशीबशी पुरी झाली, निर्मात्यानं ठाण्यात जाऊन माफी मागितली. सेट काकांनी स्वतःच्या हातानं तोडला. त्यानंतर ब्रश हातात धरला नाही. प्रॉडक्शन मॅनेजर झाले. आणि असा मॅनेजर कोणी पाहिला नसेल! इस्पितळाचा सेट असो, बँकेचा असो, की साध्या केशकर्तनालयाचा, बाहेर हाताएवढ्या अक्षरांत फलक: 'इथे शूटिंग आहे. हे खरं नाही.' शिवाय दारात एक माणूस उभा, येणाऱ्याजाणाऱ्याला सांगायला. दिग्दर्शक वैतागायचे. एक म्हणाला, काका, पुढचा बंगला खरा आहे, आपण भाड्यानं घेतलाय. तरी फलक लागलाच.

मी त्यांना चारपाचदा म्हटलं, मावशींना एक फोन तरी करा, बरे आहेत का आजोबा विचारा. नंबर काकांकडेच होता. मावशींना फोन आला तर घेता यायचा, लावता यायचा नाही, म्हणजे त्या कधी करणार नव्हत्या. काका प्रत्येक वेळी "करतंय, करतंय" म्हणायचे आणि विषय बदलायचे. लाज वाटत होती त्यांना. दुसरं काही नाही, लाज.

वर्ष उलटून गेलं असेल. दादरला एका कार्यालयात लग्नाचं शूटिंग चालू होतं. दुपारी मला परळच्या त्या गोदामाच्या वॉचमनचा फोन आला. तिथे आता लाद्यांचा साठा असतो. "मॅडम, एक म्हातारी सकाळपासून शटरसमोर बसलीय. चौकी कधी उघडणार विचारते. मी बोललो, इथे चौकी नाय. तर बोलते, मला माहितीय ती खोटी होती. मला तीच पायजे."

काका मांडवात जेवणाची पंगत बघत होते. मी जाऊन कानात सांगितलं. त्यांनी ऐकलं, वॉकीटॉकी तोंडाशी नेला आणि म्हणाले, "शूटिंग बंद." अख्ख्या युनिटला! दिग्दर्शक किंचाळत खाली आला, काकांनी त्याच्याकडे बघितलंही नाही. ड्रायव्हरला म्हणाले, "कफ परेड. मच्छीमार नगर. पळव."

मी म्हटलं, "तिथे कशाला? आधी मावशींकडे जाऊ."

"तू जा. माका ठाव आसा ते खंय असतले. मागच्या खेपेक थंयच होते."

हे मला आत्ता, काका गाडीत बसता बसता कळत होतं! आजोबांची अख्खी नोकरी, चाळीस वर्षं, फोर्टातल्या कचेरीत झालेली. मागच्या वेळी कामावर जायचं म्हणून बसमध्ये बसले, उतरायचं विसरले, शेवटच्या थांब्यावर उतरून चालत राहिले, ते मच्छीमार नगरच्या किनाऱ्यावर. एका कोळणीनं बोंबील वाळत घातले होते तिथे त्यांना सावलीत बसवून ठेवलं होतं. काका हे कोणालाच बोलले नव्हते.

मी परळला गेले. मावशी शटरला टेकून बसल्या होत्या. मला त्यांनी लगेच ओळखलं. "आलीस बाई? पहाटे निघाले गं हे. खऱ्या चौकीत मी जाऊन आले, त्यांनी लिहून घेतलंय, शोधतायत. पण मागच्या वेळी तुमच्या माणसांनीच आणले ना. म्हटलं, तुम्हाला ठाऊक असणार कुठे बघायचं ते. म्हणून इथेच बसले. हलले नाही."

"सापडतील मावशी," मी म्हटलं. दुसरं काय म्हणणार? वॉचमननं पाणी दिलं, त्यांनी घेतलं नाही. मी त्यांचा हात धरून बसले. माझा फोन वाजला तेव्हा मी तो कानाला लावूनच लांब गेले. फोन काकांचा होता, बोलत होता ड्रायव्हर. ती कोळीण आज बाजाराला गेली होती. आजोबा होड्यांपाशी किती वेळ फिरले कोणाला माहीत. भरती होती. दुपारच्या सुमारास पोरांनी पाण्यातून बाहेर काढले, तेव्हा काही उरलं नव्हतं.

काका स्वतः आले. गाडी लांब थांबवून चालत आले, पँट गुडघ्यापर्यंत ओली. मावशी त्यांना बघून उठल्या आणि काही विचारायच्या आधीच त्यांना कळलं. शटर धरून पुन्हा खाली बसल्या. रडल्या नाहीत. मग म्हणाल्या, "कुठे?"

काकांनी सांगितलं.

"मागच्या वेळी पण तिथेच होते का?"

काकांनी मान हलवली. ते मावशींसमोर रस्त्यावरच खाली बसले होते, हात जोडलेले.

मावशी त्यांच्याकडे बघत होत्या. डोळ्यांत राग असता तर बरं झालं असतं. शेजारी निरोप द्यायचा विसरला की त्याला म्हणावं, तशा आवाजात त्या म्हणाल्या, "मग तेव्हाच सांगायचं ना हो. मी सकाळीच गेले असते."